कोंबड्यांना साल्मोनेलाची लस: कोकणातल्या नवख्या कुक्कुटपालकांसाठी

वाडीत कुणालाही विचारा, "कोंबड्यांना लस दिली का?" उत्तर येतं, "हो, इंजेक्शन झालं की." हे इंजेक्शन जवळजवळ नेहमी मानमोडीचं, म्हणजे राणीखेतचं असतं. ते हवंच. पण अंडं खाणाऱ्या माणसाला ज्या जंतूमुळे ताप आणि जुलाब होतात, त्या साल्मोनेलाशी राणीखेतच्या लसीचा काहीही संबंध नाही. त्याची लस वेगळी, देण्याची पद्धत वेगळी आणि ती वाया जाण्याच्या वाटाही वेगळ्या. परसात वीस-पंचवीस कोंबड्या पाळणाऱ्यापासून दोन-चारशे तलंगांची (अजून अंड्यावर न आलेल्या तरुण कोंबड्यांची) शेड टाकणाऱ्यापर्यंत, जे नव्याने सुरुवात करताहेत त्यांच्यासाठी हे लिहितो आहे.

एक गोष्ट आधीच सांगतो. पैसे आणि वेळ एकाच लसीपुरते असतील तर ती राणीखेतची घ्या. राणीखेत आला तर आठवड्यात खुराडं रिकामं होतं. पण अंडी विकायची असतील, अंगणवाडीतल्या पोरांच्या किंवा घरातल्या म्हाताऱ्यांच्या ताटात ती जाणार असतील, तर साल्मोनेलाचा विचार टाळता येत नाही.

साल्मोनेला एक नाही

साल्मोनेलाचे प्रकार दोन हजारांहून जास्त आहेत. आपल्याला त्यांचे दोन गट कळले तरी पुरे.

पहिल्या गटातले जंतू कोंबडीलाच मारतात. पुलोरम हा पिल्लांचा रोग. अंड्यातून बाहेर आल्यापासून पहिल्या दोन-तीन आठवड्यांत पिल्लं मरायला लागतात, बल्बखाली एकमेकांवर चढून गोळा होतात, चिरक्या आवाजात ओरडतात आणि शेपटीखाली पांढरी विष्ठा चुन्यासारखी सुकून बसलेली असते. याच घराण्यातला गॅलिनॅरम मोठ्या पक्ष्यांना धरतो. त्याला फाउल टायफॉइड म्हणतात. तुरा फिका पडतो, हिरवट-पिवळी हगवण लागते, काल दाणे टिपणारी कोंबडी सकाळी मेलेली सापडते. पोट उघडलं तर काळीज (यकृत) सुजलेलं आणि तांब्या-पितळेसारखी हिरवट झाक मारणारं दिसतं. हे दोन्ही जंतू माणसाला सहसा त्रास देत नाहीत.

दुसऱ्या गटातले एंटेरिटिडिस आणि टायफिम्युरियम याच्या उलट वागतात. कोंबडी धडधाकट असते, खाते, पिते, अंडी घालते. जंतू तिच्या आतड्यात असतो. एंटेरिटिडिस तर अंडाशयापर्यंत पोचतो आणि कवच तयार होण्याआधीच अंड्याच्या आत शिरतो. अंडं बाहेरून कितीही स्वच्छ असो, त्यातून काही कळत नाही. असं अंडं कच्चं किंवा अर्धवट शिजवून खाल्लं तर सहा तासांपासून काही दिवसांच्या आत ताप, पोटात मुरडा आणि जुलाब सुरू होतात. धट्टाकट्टा माणूस चार ते सात दिवसांत बरा होतो. पाच वर्षांखालचं मूल, गरोदर बाई, म्हातारं माणूस किंवा आधीच आजारी असलेला यांना हाच जंतू रुग्णालयात नेतो.

म्हणून या दुसऱ्या गटासाठीची लस तुमच्या कोंबडीपेक्षा तुमच्या गिऱ्हाइकाला वाचवते. ती दिल्यावर मरतुक कमी झाल्याचं डोळ्यांना दिसणार नाही. काहीच फरक दिसत नाही म्हणून लोक ती सोडून देतात, आणि मला सर्वात जास्त काळजी याचीच वाटते.

लसीने काय साधतं ते ब्रिटनमध्ये दिसलं आहे. तिथे १९८० च्या दशकात अंड्यांतल्या साल्मोनेलाने मोठा गोंधळ उडाला होता. १९९८ पासून सिंहाचा शिक्का असलेल्या अंड्यांसाठी कोंबड्यांना लस देणं सक्तीचं झालं. त्याबरोबर स्वच्छता, उंदीरबंदी आणि अंडं कुठल्या शेडमधलं ते शोधता येईल अशी नोंद आली. २०१७ मध्ये तिथल्या अन्न-सुरक्षा यंत्रणेने सांगितलं की त्या शिक्क्याची अंडी गरोदर बायका, तान्ही मुलं आणि वृद्ध यांनी अर्धकच्ची खाल्ली तरी चालेल. लस या साखळीतली एक कडी होती आणि बाकीच्या कड्याही तेवढ्याच घट्ट होत्या, हे विसरू नका.

पिल्लं घेताना

पुलोरम आईकडून अंड्यात आणि अंड्यातून पिल्लात येतो. अशा पिल्लाला तुम्ही घरी आणल्यावर कुठलीही लस द्या, उपयोग नाही. त्यामुळे लसीकरणाची पहिली पायरी पिल्लांच्या खरेदीपाशी आहे.

दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठात, तालुक्याच्या पशुवैद्यकीय दवाखान्यात किंवा कोल्हापूर, पुणे इथल्या शासनाच्या मध्यवर्ती अंडी उबवणी केंद्रांत चौकशी करा. पिल्लं गिरिराज, वनराज, कावेरी, कुठलीही असोत, विकणाऱ्याला तीन प्रश्न विचारायचे. मातृपक्ष्यांची पुलोरमची रक्तचाचणी झाली आहे का? पिल्लांना पहिल्या दिवशी कुठल्या लसी दिल्या? आणि पाण्यातून किंवा खाद्यातून अँटिबायोटिक दिलं आहे का, दिलं असेल तर कधीपर्यंत? तिसरा प्रश्न का, ते पुढे कळेल. टेम्पोतून गावोगाव पिल्लं विकणाऱ्यांकडे या प्रश्नांची उत्तरं नसतात. पिल्लामागे पाच-दहा रुपये वाचतात म्हणून ती घेऊ नयेत असं माझं स्पष्ट मत आहे.

तुम्ही स्वतःच गावठी कोंबड्या खुडूक बसवून पिल्लं काढत असाल तर तुमच्याच कोंबड्या मातृपक्षी झाल्या. त्यांची चाचणी साधी आहे. पंखाखालची शीर टोचून रक्ताचा एक थेंब पांढऱ्या फरशीवर घेतात, त्यात जांभळ्या रंगाच्या अँटिजेनचा (मारलेल्या जंतूंच्या चाचणी-द्रावाचा) एक थेंब मिसळतात आणि फरशी हलकेच गोल फिरवतात. दोन मिनिटांत जांभळे कण फुटलेल्या दुधासारखे गोळा झाले तर पक्षी बाधित समजायचा. मिश्रण एकसारखं राहिलं तर ठीक. पक्षी चार महिन्यांचा झाल्यावर ही चाचणी करतात. ज्यांना साल्मोनेलाची लस अजून दिलेली नाही अशाच पक्ष्यांची ती करा, कारण लस दिलेल्या कोंबडीचं रक्तही कधी कधी तसंच गोळा होतं आणि चांगला पक्षी नाहक कापला जातो.

बाधित निघालेली कोंबडी कितीही अंड्याची असली तरी ठेवायची नाही. औषधाने ती बरी दिसते, पण जंतू पोटात राहतो.

लस कोणती, कधी

ढोबळमानाने तीन तऱ्हा आहेत.

पाण्यातून द्यायची जिवंत लस: यात एंटेरिटिडिस किंवा टायफिम्युरियमचे जंतू दुबळे करून वापरलेले असतात. पहिली मात्रा पिल्लू एक दिवसाचं असताना, दुसरी सहा ते आठ आठवड्यांत, तिसरी सोळाव्या आठवड्याच्या सुमारास, पण अंड्यावर यायच्या किमान तीन आठवडे आधी.

टोचायची जिवंत लस: फाउल टायफॉइडसाठी '९आर' नावाची लस जुनी आणि नावाजलेली आहे. १९५० च्या दशकात ब्रिटनमध्ये ती पुढे आली. सहा आठवड्यांनंतर पहिला डोस आणि साधारण चौदा ते सोळा आठवड्यांदरम्यान दुसरा. गॅलिनॅरम आणि एंटेरिटिडिस जवळचे नातलग असल्यामुळे या लसीने एंटेरिटिडिसलाही काही प्रमाणात आळा बसतो.

टोचायची मृत लस: तेलात कालवलेली, दुधासारखी दिसणारी. साधारण बारा आणि सोळा आठवड्यांना अशा दोन मात्रा, मध्ये किमान चार आठवड्यांचं अंतर, आणि दोन्ही अंड्यावर यायच्या आधी. या लसीतून आलेली प्रतिकारशक्ती कोंबडीच्या रक्तात राहते आणि पुढे पिल्लांनाही थोडी मिळते.

यांतली कोणती घ्यायची ते तुमच्या भागात कुठला रोग आढळला आहे आणि वितरकाकडे काय येतं यावर पशुवैद्यक ठरवतील. स्वतःहून दुकानातून उचलून आणू नका. सरकारी दवाखान्यात राणीखेत आणि देवीची लस सहसा मिळते, साल्मोनेलाची वेगळी मागवावी लागते. दवाखाना लांब असेल तर पशुसंवर्धन विभागाचा १९६२ हा नि:शुल्क क्रमांक आहे.

बाकीच्या लसींचा क्रम असा असतो: पहिल्या आठवड्यात डोळ्यात लासोटा (राणीखेतची पहिली लस), दुसऱ्या आठवड्यात गंबोरो (पिल्लांची प्रतिकारशक्ती मोडणाऱ्या रोगाची लस), सहाव्या-सातव्या आठवड्यात देवी, आठव्यात आरटूबी (राणीखेतचं इंजेक्शन). साल्मोनेलाची मधली मात्रा या गर्दीत येते. दोन लसींमध्ये आठवडाभर तरी जाईल असं वेळापत्रक डॉक्टरांकडून कागदावर लिहून घ्या आणि खुराड्याच्या दाराशी लावा. गावठी तलंग सहा-सात महिन्यांची होऊन अंड्यावर येते, सुधारित जाती पाच-साडेपाच महिन्यांत. शेवटच्या मात्रेची तारीख त्यावरून मागे मोजत काढायची.

आजारी, लंगडणाऱ्या, पिसं फुगवून बसलेल्या पक्ष्यांना लस द्यायची नाही. लस हे औषध नव्हे. आधी जंत पाडा, अंग सावरू द्या, मग लस.

बाटली मोठी, कोंबड्या थोड्या

परसातल्या माणसाचं घोडं इथेच अडतं. लसीच्या बाटल्या पाचशे, हजार डोसच्या येतात. घरात कोंबड्या तीस. बाटली एकदा उघडून कालवली की दोन तासांत संपवायची, उरलेली फ्रिजमध्ये ठेवून पुढच्या आठवड्यात वापरता येत नाही. म्हणजे एकट्याने घ्यायची तर नऊशेसत्तर डोस गटारात.

यावर उपाय एकच, वाडीने मिळून घ्यायची. बचत गटातल्या बायका हे काम सर्वांत चोख करतात. एक दिवस ठरवा, घरटी कोंबड्या मोजा, वय लिहा, पैसे आधी गोळा करा. एकाच वयाची पिल्लं वाडीत एकाच वेळी आली तर फारच सोपं, म्हणून पिल्लंसुद्धा एकत्र मागवा.

पाण्यातल्या लसीची वाटणी अशी करता येते. हजार डोसची बाटली असेल तर ती एक लिटर तयार पाण्यात (ते कसं तयार करायचं ते पुढे आहे) कालवायची. मग एका मिलिलिटरला एक डोस पडतो. चाळीस कोंबड्यांच्या घराला पन्नास मिलिलिटर द्या. थोडं जास्त गेलं तर बिघडत नाही, कमी जाऊ नये. प्रत्येक घरातून एक माणूस झाकणाची स्वच्छ प्लास्टिकची बाटली घेऊन एका ठिकाणी यावा आणि लगेच परत जावा. लस देणारा एकच माणूस या खुराड्यातून त्या खुराड्यात फिरला तर चपलांना लागलेल्या विष्ठेबरोबर रोगही घरोघर फिरतो.

लस घरी आणणं

लस २ ते ८ अंश सेल्सिअसमध्ये राहिली पाहिजे. चिपळूण किंवा कुडाळच्या दुकानातून खिशात घालून, एसटीच्या खिडकीशी बसून आणलेल्या लसीचं नुसतं पाणी झालेलं असतं.

आपल्याकडे बर्फाला तोटा नाही, बंदरावर आणि मासळी बाजारात तो मिळतो. पण मासळीची पेटी वापरू नका. तिच्यात माशाच्या पाण्याबरोबर नको ते सगळं असतं. थर्माकोलची कोरी पेटी घ्या, बर्फ जाड पिशवीत बांधा, लसीची बाटली वर्तमानपत्रात गुंडाळून ठेवा. बर्फ बाटलीला थेट टेकता कामा नये. मृत लस गोठली तर ती कायमची बिघडते. तेल आणि पाणी वेगळं झालेलं दिसलं आणि हलवूनही एकजीव झालं नाही तर बाटली परत करा. घरी फ्रिजच्या दारात ठेवू नका, मधल्या फळीवर आत ठेवा. पावसाळ्यात आपल्याकडे वीज गेली की रात्र रात्र येत नाही. म्हणून जून ते सप्टेंबरमध्ये लस आदल्या दिवशी संध्याकाळी आणायची, साठवून ठेवायची नाही.

घेताना बाटलीवरची मुदत, बॅच क्रमांक आणि दुकानातला फ्रिज तिघांकडेही बघा. फ्रिज बंद दिसला तर दुकान बदला.

पाण्यातून देताना: टीसीएल आणि अँटिबायोटिक

राणीखेतची लस विषाणूची असते. साल्मोनेलाची जिवंत लस ही जिवाणूची असते. हा फरक लक्षात आला नाही तर पुढचं सगळं फुकट जातं, कारण जिवाणू अँटिबायोटिकने मरतात. आपल्याकडे पिल्लं आणली की पहिले चार-पाच दिवस पाण्यात कुठलं तरी औषध टाकायची रीत पडली आहे. दुकानदार पिल्लांबरोबरच ती पुडी देतो. त्यात अँटिबायोटिक असेल आणि त्याच दिवसांत तुम्ही लस दिली, तर लसीतला जंतू आतड्यात रुजण्याआधीच मरतो. लस दिल्याची नोंद होते, पैसे जातात, संरक्षण शून्य. लसीच्या किमान तीन दिवस आधी आणि तीन दिवस नंतर अँटिबायोटिक बंद ठेवायचं. बाटलीवरच्या कागदात याहून जास्त दिवस लिहिले असतील तर तेवढे. तयार खाद्याच्या गोणीवरचं लेबलही वाचा, काही खाद्यात औषध आधीच मिसळलेलं असतं.

दुसरा शत्रू टीसीएल, म्हणजे क्लोरीनची ब्लीचिंग पावडर. पावसाळ्यात ग्रामपंचायत विहिरीत टीसीएल पावडर टाकते. माणसांसाठी ते योग्यच आहे. पण क्लोरीन लसीतल्या जंतूलाही मारतो. नळपाणी योजनेच्या पाण्यातही तो असतो. लसीसाठीचं पाणी आदल्या संध्याकाळी प्लास्टिकच्या बादलीत उघडं भरून ठेवा, वर फक्त पातळ फडकं टाका. सकाळी त्यात लिटरला अडीच ग्रॅम, म्हणजे एक सपाट चहाचा चमचा, साय काढलेल्या दुधाची पावडर ढवळा आणि वीस-तीस मिनिटं थांबा. दूध उरलासुरला क्लोरीन शोषून घेतं. साईचं दूध नको, त्याचा थर बसतो. भांडं तांब्याचं, पितळेचं किंवा गंजकं पत्र्याचं नको.

पाण्याची भांडी दोन दिवस आधीपासून साबण, फिनेल, पोटॅशियम परमँगनेट यांनी धुऊ नका. नारळाच्या काथ्याने घासून साध्या पाण्याने खळखळून घ्या, एवढं पुरतं.

किती पाण्यात लस कालवायची? आदल्या दिवशीच मोजा. सकाळी भांडी दोन तास बाजूला ठेवा, मग मोजून पाणी द्या आणि दोन तासांत किती संपलं ते बघा. दुसऱ्या दिवशी तेवढ्याच पाण्यात लस; वाडीच्या वाटणीतून बाटलीत आणलेली लसही याच पाण्यात ओतायची. नुसत्या अंदाजाने बादलीभर पाण्यात कालवली तर अर्धी तशीच राहते आणि उन्हात मरते.

आता मोकाट कोंबड्यांची गोष्ट. पावसात परसात कोंबडी तहानेली राहणं अवघड. पागोळ्यांखालचं डबकं, मोरीच्या पाण्यावर वाढवलेलं अळू, नारळाचं आळं, सगळीकडे पाणी. त्यामुळे लस देण्याच्या दिवशी खुराडं उघडायचंच नाही. पहाटे आतली भांडी काढा, दीड-दोन तासांनी लसीचं पाणी आत ठेवा, सगळ्यांनी प्यायल्यावरच दार उघडा. भांडी एवढी ठेवा की साऱ्या एकदम चोच बुडवू शकतील, नाहीतर दांडग्या कोंबड्या दुबळ्या तलंगांना जवळ येऊ देत नाहीत. उन्हाळ्यात एप्रिल-मेमध्ये तहान एक तासापेक्षा जास्त ताणू नका. खुडूक बसलेली कोंबडी पेट्यातून उठत नाही, तिच्यापुढे वाटीत वेगळं पाणी धरा.

थोडा वेळ तिथेच उभं राहून बघा. दुधाळ पाणी प्यायलेल्या कोंबडीच्या चोचीच्या टोकाला पांढरा थेंब असतो. ज्यांच्या चोचीला तो दिसत नाही त्यांना उचलून भांड्यापाशी न्या.

टोचून देताना

पहिल्यांदा पशुवैद्यक किंवा पशुधन पर्यवेक्षकांकडूनच करून घ्या आणि बाजूला उभं राहून शिका. कोंबड्या रात्रीच खुराड्यात कोंडून ठेवा, पहाटे अंधुक उजेडात पकडा. दिवसा पाठलाग करून पकडलेली कोंबडी धापा टाकते, तिला लस देणं बरं नव्हे.

एकाने पंख आणि पाय एकत्र धरायचे. दुसऱ्याने मानेच्या मागच्या बाजूची, खांद्याकडची कातडी चिमटीत उचलायची. कातडी तंबूसारखी वर आली की सुई तिच्या पोकळीत, डोक्याकडून धडाच्या दिशेने घालायची. सुई आरपार गेली तर पिसं ओली होतात आणि बोटाला ओल लागते. तसं झालं तर तो डोस गेला, पुन्हा द्या. मात्रा किती ते बाटलीवर लिहिलेलं असतं, ते वाचा, शेजाऱ्याला विचारू नका. जिवंत लस टोचताना कातडीला स्पिरिट लावायचं नाही, सिरिंजही जंतुनाशकात बुडवलेली नको. निर्जंतुक, कोरी सिरिंज वापरा. कालवलेली बाटली सावलीत, बर्फाच्या पेटीत ठेवा आणि मधून मधून हलकी हलवा. घर बदललं की सुई बदला. आधी लहान आणि निरोगी पक्षी, नंतर मोठे.

मृत लस टोचण्याआधी थोडा वेळ बाहेर ठेवून तिची थंडी घालवा, नाहीतर टोचलेल्या जागी गाठ येते. आणि हे नीट वाचा: तेलाची लस चुकून स्वतःच्या बोटात टोचली गेली तर जखम इवलीशी दिसली तरी त्याच क्षणी बाटलीसह डॉक्टरांकडे जा. तेलाने बोटाचा रक्तपुरवठा बंद पडू शकतो. हळद लावून वाट बघायची ही जखम नाही.

जिवंत लस हाताळताना हातमोजे घाला. घरात कुणी गरोदर असेल, कर्करोगाचे उपचार घेत असेल किंवा प्रतिकारशक्ती कमी असेल तर त्या व्यक्तीला या कामापासून लांब ठेवा. रिकाम्या बाटल्या आणि उरलेली लस उकळा किंवा ब्लीचिंगच्या घट्ट पाण्यात बुडवून ठेवा, मग खड्ड्यात पुरा. ओढ्यात किंवा आगरात फेकू नका.

गटारी आणि तिखट्या सणाआधी

जिवंत लस दिलेला पक्षी काही आठवडे कापायचा नसतो. किती, ते लेबलवर असतं. तीन आठवड्यांपेक्षा कमी तर कधीच धरू नका. आपल्याकडे श्रावणाआधी गटारीला आणि गौरीच्या तिखट्या सणाला कोंबड्यांना मागणी असते. त्या विक्रीची बॅच आणि अंड्यांसाठी ठेवायची बॅच सुरुवातीपासून वेगळी ठेवा. म्हणजे लस चुकवायची पाळी येत नाही आणि लस नुकतीच दिलेली कोंबडी वड्यांबरोबर ताटात जात नाही.

एक वही ठेवा: तारीख, लसीचं नाव, बॅच क्रमांक, किती पक्षी, कुणी दिली, नंतर मरतुक किती. अंड्यांचं कायमचं गिऱ्हाईक, मग ते घरगुती खानावळ असो की होमस्टे, ही वही बघून तुमच्याकडे टिकतं.

लस दिल्यावरही

लसीने जंतू पूर्ण थांबत नाही. तो कमी रुजतो, विष्ठेतून कमी बाहेर पडतो, अंड्यात कमी शिरतो. खुराड्यात जंतूंचा डोंगर असेल तर लस हरते.

उंदीर आणि घुशी हे एंटेरिटिडिसचे सर्वात मोठे वाहक. रात्री खाद्यावर लेंड्या टाकतात, सकाळी कोंबड्या ते खातात. खाद्य घट्ट झाकणाच्या पत्र्याच्या पिंपात ठेवा, रात्री उरलेलं खाद्य उचला, खुराड्याला अर्ध्या इंचाची जाळी खाली जमिनीतही वीतभर गाडा. मुंगूसही त्यामुळे बाहेर राहतो. पालींच्या विष्ठेतही साल्मोनेला असतो, म्हणून पाण्याची भांडी वळचणीखाली नकोत.

मासळीची डोकी, आतडी आणि सुक्या मासळीची कुटी कोंबड्यांना घालायची आपली जुनी सवय आहे. प्रथिनं मिळतात, खरं आहे. पण उघड्यावर वाळलेल्या कुटीत हा जंतू असू शकतो. चांगली उकळून घाला, कच्ची नको.

आमच्या हवेत ओल हा मोठा वैरी. खुराडं जमिनीपासून दोन-तीन फूट उंच, पोफळीच्या किंवा बांबूच्या कामट्यांचं असेल तर विष्ठा खाली पडते आणि पाय कोरडे राहतात. जमिनीवरच ठेवायच्या असतील तर भाताच्या तुसाचा तीन इंची थर घाला, रोज दाताळ्याने खालीवर करा, पावसाची झड लागून भिजलेला भाग त्याच दिवशी काढा. अंड्यांच्या पेट्यात कोरडा पेंढा, आणि अंडी दिवसातून दोनदा गोळा.

अंडं हातात आल्यावर

विष्ठेने माखलेली अंडी विकू नका. थंड पाण्याने धुऊ तर नकाच. धुतल्याने कवचावरचा नैसर्गिक लेप जातो आणि गार पाण्यात अंडं आतून आकसतं, तेव्हा बारीक छिद्रांतून बाहेरची घाण आत ओढली जाते. थोडी माती कोरड्या फडक्याने पुसा. तडकलेली अंडी घरात वापरा, तीही पूर्ण उकडून. आपल्याकडे ब्रिटनसारखी शिक्क्याची सोय नाही, त्यामुळे बलक घट्ट होईपर्यंत शिजवणं हाच नियम. तब्येतीसाठी म्हणून कच्चं अंडं दुधात फोडून पिण्याची पद्धत पोरांना लावू नका. कोंबडी कापलेला विळा आणि पाट गरम पाण्याने, साबणाने धुतल्याशिवाय त्यावर कोथिंबीर चिरू नका. खुराड्यातून आल्यावर पोरांचे हात साबणाने धुवायला लावा. लहान मुलं पिल्लं गालाला लावतात, तेवढं मात्र थांबवा.

मर लागली तर

दोन दिवसांत तीन-चार पक्षी गेले तर घरगुती इलाज करत बसू नका. राणीखेत, टायफॉइड आणि बर्ड फ्लू यांची बाहेरची लक्षणं बरीच मिळतीजुळती असतात, डोळ्यांनी ओळखू येत नाहीत. विक्री थांबवा, उरलेले पक्षी बाजारात नेऊ नका, शेजाऱ्यांना लगेच सांगा. पशुवैद्यकीय दवाखान्याला कळवा. त्यांनी सांगितलं तर नुकताच मेलेला एक पक्षी दुहेरी पिशवीत, बर्फात ठेवून तपासणीला द्या, गोठवू नका. बाकीचे विहिरीपासून लांब, निदान तीन फूट खोल खड्ड्यात, वरखाली चुना घालून पुरा. पावसाळ्यात आपल्या जांभ्या कातळात पाणी चटकन वर येतं, म्हणून खड्ड्याची जागा उताराच्या वरच्या, कोरड्या अंगाला आणि ओहोळापासून दूर निवडा. तपासणीचा निकाल येईपर्यंत नवीन पिल्लं आणायची नाहीत. रोग ठरला की खुराडं धुऊन, चुन्याचा हात मारून काही आठवडे रिकामं आणि उन्हात उघडं ठेवा, मग डॉक्टरांनी हो म्हटल्यावर पुढची बॅच मागवा.